जांभळ्या मण्यांचं पुष्पचक्र

समोरच्या बाकावरची बाई ओतिलियाच्या मांडीवरच्या पिशवीत मघापासून डोकावत होती. ट्राममध्ये लोक डोकावतातच, त्यात विशेष काही नाही. ऑक्टोबर संपत आला की अर्धं पोझनान शहर पिशव्यांतून फांद्या नेत असतं आणि जो तो दुसऱ्याच्या फांद्यांना मनातल्या मनात नावं ठेवत असतो. ओतिलियाही ठेवायची. पण ही बाई नावं ठेवत नव्हती. ती हसली आणि म्हणाली, "हे जांभळे मणी मी गेल्या वर्षी पाहिले होते. पुष्पचक्रात गुंफलेले. म्हटलं, काय हात आहे बाईचा." ओतिलियाला बरं वाटलं, कुणाला वाटणार नाही? तिने विचारलं, "कुठे पाहिलंत?" "दफनभूमीत की. अगदी मागे, भिंतीजवळच्या रांगेत. माझी मावशी आहे तिकडे." एवढं बोलून बाईने टोपी नीट केली, थांबा आला, ती उतरली आणि दार बंद झालं. ओतिलियाचा मुलगा वितेक भिंतीजवळ नव्हता. तो पुढच्या भागात, मोठ्या वाटेच्या डाव्या अंगाला, चेस्टनटच्या झाडाखाली होता. आणि गेल्या वर्षी त्याच्या कबरीवर तिने स्वतःच्या हातांनी ठेवलेलं पुष्पचक्र दुसऱ्याच दिवशी चोरीला गेलं होतं.

तिचा थांबा येऊन गेला तरी ती बसूनच राहिली. चोरीची तिला सवय झाली होती. सगळ्यांचंच चोरीला जातं. सर्व संतांच्या दिवशी, म्हणजे एक नोव्हेंबरला, अख्खं गाव दफनभूमीत लोटतं, कबरी फुलांनी आणि काचेच्या दिव्यांनी भरून जातात, आणि त्याच रात्रीपासून उचलेगिरी सुरू होते. म्हणून शहाण्या बायका शेवंतीचे देठ आखूड कापतात, रिबिनी मध्येच फाडून ठेवतात, कुंड्यांच्या बुडाला रंग फासतात. वस्तू विकण्यालायक राहता कामा नये. ज्याच्यावर प्रेम आहे त्याच्यासाठी आणलेली वस्तू आधी आपणच थोडी खराब करायची, ही इथली रीत. ओतिलियाने कधी काही खराब केलं नव्हतं. तिला ते जमायचं नाही. चार वर्षं ती बागेतल्या जिनसांनी वितेकसाठी पुष्पचक्र बांधत होती आणि चारही वर्षं ते गेलं होतं. आतापर्यंत त्या चोराला तोंड नव्हतं. असेल कुणी दारुडा, एका बाटलीसाठी कुठेतरी फुंकून टाकत असेल, असं तिने ठरवून टाकलं होतं. पण आता त्या चोराला एक कबर फुटली होती. कुणाचं तरी माणूस भिंतीजवळ पुरलेलं होतं, आणि त्याच्यासाठी ओतिलियाचं काम चोराला पसंत पडलं होतं. चोरी सोसवते, अशी पसंती सोसवत नाही. शिवाय जांभळे मणी. मण्यांसारखी फळं धरणारं ते झुडूप त्यांच्या बागांच्या वसाहतीत, जिथे फ्लॅटवाल्यांना बागेचा एकेक तुकडा मिळतो, दुसऱ्या कुणाकडेही नव्हतं. सेवेरिनने, तिच्या नवऱ्याने, ते फार वर्षांपूर्वी विद्यापीठाच्या उद्यानातून एक नुसती काटकी म्हणून आणलं होतं, आणि पानं गळून गेल्यावर जेव्हा पहिल्यांदा फांद्यांना चिकटून जांभळे मणी उभे राहिले तेव्हा वितेक, पाच-सहा वर्षांचा असेल, एक मणी तोंडात घालून सगळीकडे थुंकत हिंडला होता. कडू, कडू, असं ओरडत. ती पाठीमागे पाणी घेऊन. हे आठवलं आणि ती उतरली, दोन थांबे पुढे, आणि तेवढं अंतर पायी मागे आली.

घरी सेवेरिनने बटाटे उकडून ठेवले होते आणि चक्क्यात कांद्याची पात कालवत होता. तीस वर्षं ट्राम चालवलेला माणूस. मान न वळवता ऐकायची त्याला सवय. "उशीर झाला," तो म्हणाला. "थांबा चुकला." "तुझा?" एवढंच विचारलं त्याने, आणि ताट पुढे केलं. ट्रामवाल्याच्या बायकोचा थांबा चुकतो म्हणजे काहीतरी झालेलं असणार, हे त्याला कळत नव्हतं असं नाही. पण तो विचारणाऱ्यातला नाही. आणि तिने सांगितलं नाही. का सांगितलं नाही हे तिला जेवतानाही कळेना. सांगितलं असतं तर तो म्हणाला असता, "जाऊ दे." दर वर्षी दोन तारखेला, कबरीवरच्या विझलेल्या दिव्यांच्या काचा गोळा करून तो एकटाच परत यायचा, बूट काढायचा आणि म्हणायचा, "चोरीला गेलं." पाऊस पडतोय म्हणावं तसं. ना राग, ना शिवी. ती आतून पेटायची आणि तो चहा मागायचा. आता बटाटा मोडताना तिच्या मनात पाल चुकचुकली, की चोरीला गेलेल्या वस्तूचा माणसाला एवढा कमी राग कसा येतो? पण तिने ती पाल झटकून टाकली. ह्याला कशाचाच राग येत नाही. वितेक गेला तेव्हाही आला नव्हता.

वितेक पावसाळी सप्टेंबरात गेला, कुर्निकच्या रस्त्यावर, ओल्या पानांवरून मोटारसायकल घसरून. पाठीमागे एक मुलगी होती. दोघंही जागीच गेली. पोलीस म्हणाले, वेग जास्त होता. पोलिसांना काय, त्यांना रस्त्यावरच्या खुणा दिसतात. ओतिलियाने मात्र निघताना पाहिलं होतं, तिसऱ्या मजल्याच्या सज्जातून. तो हेल्मेट चढवत होता आणि ती पोरगी स्वतःच्या मनगटावर दोन बोटं आपटून त्याला घड्याळ दाखवत होती. चल, चल, उशीर होतोय. एवढंच, पण तेवढं ओतिलियाला पुरलं होतं. तिने ती दोन बोटं इतक्या वेळा मनात पाहिली होती की आता त्या पोरीचा चेहरा, कोट, केस सगळं पुसलं गेलं होतं आणि नुसतं मनगट उरलं होतं. दफनाच्या वेळी सेवेरिन म्हणाला होता, "तिची आई आलीय जर्मनीहून, तिथे म्हाताऱ्यांची सेवा करते. एकटीच आहे. भेटून येऊ या?" ओतिलिया म्हणाली होती, "त्या पोरीचं नाव ह्या घरात काढायचं नाही." आणि त्याने काढलं नाही. सांगितलं की पाळायचं, असा माणूस. पण पाळतो म्हणजे त्याने ते गिळलं की नुसतं गालात धरून ठेवलंय, हे इतक्या वर्षांच्या संसारानंतरही तिला ओळखता येत नसे. पोरीला कुठे पुरलं हेही तिने कधी विचारलं नाही. त्याच दफनभूमीत कुठेतरी, एवढं कानावर होतं. दफनभूमी मोठी आहे. तिथे न भेटता राहता येतं.

शनिवारी ती दोघं बागेत गेली. लाकडी खोपटाच्या पायरीवर तिने सगळं पसरलं: रानगुलाबाची लाल फळं, शोभेच्या रसभरीची कागदी कंदिलांसारखी नारिंगी फळं, आयव्हीच्या वेली, वाळवून ठेवलेली कडक पाकळ्यांची फुलं, थोडी गंजक्या रंगाची शेवंती, जांभळ्या मण्यांच्या फांद्या, आणि ओल्या पोत्यात गुंडाळलेलं शेवाळ. पेंढ्याचं कडं ती आधल्या रात्रीच वळून ठेवायची. मग शेवाळ लावायचं, तळहाताने दाबत दाबत, आणि मग एकेक जुडी तिरकी ठेवून तारेने आवळत जायचं, प्रत्येक जुडीने आधीच्या जुडीची तार झाकली पाहिजे. हे काम करताना तिला वितेकची आठवण येत नसे, आणि म्हणूनच ते तिला आवडायचं. बोटं गार पडायची, शेवाळाचा ओला, जुन्या तळघरासारखा वास नाकात बसायचा, रानगुलाबाचा काटा अंगठ्यात घुसायचा आणि तेवढा वेळ दुखायला काहीतरी खरं मिळायचं. यंदा मात्र आठवण नव्हती तरी शांतताही नव्हती. यंदा ती सापळा बांधत होती. सेवेरिन नळावर पाणी आणायला गेला तशी तिने खिशातून निळी लोकर काढली, वितेकच्या जुन्या स्वेटरच्या कोपराची उसवलेली, ती पेंढ्याच्या कड्याभोवती घट्ट गुंडाळली आणि वर भरभर शेवाळ थापलं. बाहेरून ताकास तूर लागत नव्हती. आता मिळू दे कुणाच्याही कबरीवर; ती बोट घालेल, शेवाळ उचकेल आणि म्हणेल, हे बघा. हे काम सेवेरिनपासून का लपवलं, हा प्रश्न तिला पडला. त्याने बडबड केली असती म्हणून. पण तो कधी बडबड करत नाही, हेही लगेच आठवलं.

"यंदाही चोरांसाठीच बांधताय का, ओतिलियाबाई?"

कुंपणाच्या मेंदीवरून शेजारच्या पेलागियाबाईचं डोकं वर आलं होतं. पेलागियाबाई विधवा, बागेतलं होतं नव्हतं सगळं तारेत आवळून ती सणाच्या दिवसांत दफनभूमीच्या फाटकाशी टेबल लावायची. दोघींच्या बागा वीस वर्षं शेजारी, पण अजून "बाई" आणि "तुम्ही" गेलं नव्हतं.

"चोरांना पसंत पडतं माझं काम," ओतिलिया म्हणाली, आणि तिच्या तोंडाकडे बघत राहिली.

"मग एवढा जीव कशाला ओतता? माझ्यासारखं करावं. फटाफट गुंडाळायचं, मोकळं व्हायचं. मेलेल्यांना काय कळतंय?"

"मेलेल्यांना नाही, गिऱ्हाइकांना कळत असेल ना."

"गिऱ्हाइकांना तर त्याहून कमी कळतं." पेलागियाबाई हसली. मग तिची नजर जांभळ्या मण्यांवर ठरली. "मण्यांना यंदा काय बहर आलाय. तुमचे सेवेरिन काय म्हणतात?"

"ते काय म्हणणार? ते काही म्हणत नाहीत."

"ते खरं," पेलागियाबाई म्हणाली, थोडं थांबून, आणि डोकं खाली गेलं. ते थांबणं ओतिलियाने नीट ध्यानात ठेवलं. मागे एकदा ह्याच बाईने त्या झुडपाची काटकी मागितली होती आणि ओतिलियाने, लागणार नाही तुमच्या मातीत, असं सांगून टाळली होती. माती दोघींची एकच होती. पेलागियाबाईला ते कळलं असणारच. दुखावलेली बाई, फाटकाशी टेबल, दिवसभर येणाऱ्या-जाणाऱ्यांवर नजर, आणि कुणी म्हणालं, माझी आई भिंतीजवळ आहे हो, काहीतरी छानसं द्या. सगळं इतकं चोख बसत होतं की ओतिलियाला जवळजवळ आनंद झाला. संशयाचं असंच असतं. जागा रिकामी असते तोवर तो कुणावरही जाऊन बसतो: दफनभूमीच्या झाडूवाल्यावर, तळमजल्याच्या बाईवर, खुद्द त्या ट्राममधल्या टोपीवालीवर, जिची मावशी म्हणे तिकडे आहे. पण एकदा योग्य माणूस सापडला की तो हक्काने पाय पसरून बसतो आणि मग घरच्या माणसासारखा वागू लागतो.

एक तारखेला गर्दी होती, थंडी होती, मेणाचा आणि तुडवलेल्या पानांचा वास होता. सेवेरिनने संगमरवर ओल्या फडक्याने पुसला, ती पुष्पचक्र ठेवून एकदा मागे सरकली, मग पुढे होऊन ते थोडं डावीकडे फिरवलं. मणी अंधारातही दिसत होते, प्रत्येक दिव्याच्या उजेडात थोडे थोडे. तिने प्रार्थना केली, पण डोळे मिटले नाहीत. शेजारच्या कबरीपाशी उभा असलेला टक्कल पडलेला माणूस पुष्पचक्राकडे जास्तच वेळ बघतोय असं तिला वाटलं. "चल," सेवेरिन म्हणाला, "पाय गारठतील." परत जाताना मोठ्या वाटेवरून दूर, मागे, भिंतीच्या बाजूला दिव्यांची एक विरळ रांग दिसत होती. तिकडे जाऊन बघता आलं असतं, आत्ताच. ती गेली नाही. चोराच्या भीतीने नव्हे, एवढं तिला उमगलं; कशाने ते उमगलं नाही.

दुसऱ्या दिवशी जेवण झाल्यावर, मी चर्चमध्ये जाऊन येते, असं सांगून ती निघाली. दर वर्षी ती ह्या दिवशी चर्चमध्येच जायची आणि सेवेरिन काचा गोळा करायला. "जा," तो म्हणाला. तो दाढी करत होता. काचा गोळा करायला जाणारा माणूस दाढी कशाला करतो, असं जिना उतरताना तिच्या मनात आलं, पण तिचं सगळं लक्ष फाटकाशी होतं. आणि फाटकाशी पेलागियाबाईच्या टेबलावर, शेवंतीच्या कुंड्या आणि दिव्यांच्या ओळीमध्ये, जांभळ्या मण्यांचं पुष्पचक्र पडलेलं होतं.

तिला पुढचं नीट आठवत नाही, आणि जे आठवतं ते आठवावंसं वाटत नाही. तिने ते उचललं. "हे कुठून आणलंत?" पेलागियाबाई म्हणाली, "बांधलंय." "तुम्ही बांधलंत? हे मणी तुमच्याकडे उगवतात?" माणसं थांबायला लागली होती. "आज पाचवं वर्ष आहे," ओतिलिया मोठ्याने म्हणाली, सगळ्यांना ऐकू जाईल असं, "माझ्या मेलेल्या पोराच्या छातीवरून उचलून तुम्ही विकता. लाज नाही वाटत?" आणि तिने दोन्ही हातांनी ते पुष्पचक्र मोडलं. शेवाळ टेबलावर सांडलं, रानगुलाब टपटप खाली पडले. निळी लोकर नव्हती. पेंढ्याचं कडंही नव्हतं. आत नुसती वेताची काडी वाकवलेली होती, आणि तार अशी भोंगळ आवळलेली की ओतिलियाच्या हातून मेल्यावरही आवळली गेली नसती. "मेंदीवरून फांद्या माझ्या बाजूला आल्या होत्या," पेलागियाबाई हळू आवाजात म्हणाली. "त्या कापल्या. कुंपणाच्या आतलं माझं, असा वसाहतीचा नियम आहे." ती चिडली नाही, तिने हात उगारला नाही. फक्त ओतिलियाकडे अशी बघत राहिली जशी दवाखान्यात रांगेतल्या पुढच्या माणसाकडे बघतात. ओतिलियाने ते मोडलेलं टेबलावर ठेवलं आणि आत चालू लागली. चूक झाली असं तिला वाटलं नाही. वाटायला वेळ नव्हता. तिला वाटलं, हिने हे दाखवायला ठेवलंय आणि माझं आधीच विकलंय.

पण वितेकच्या कबरीवर पुष्पचक्र होतं. जसंच्या तसं, थोडं डावीकडे फिरवलेलं. तिने बोट घालून पाहिलं, लोकर लागली. तिने हुश्श करायला हवं होतं. त्याऐवजी तिला फसवल्यासारखं झालं. चोर अजून यायचाय. मग ती समोरच्या कुठल्याशा डॉक्टरच्या उंच काळ्या थडग्यामागे जाऊन उभी राहिली, साठीची बाई, चुकार पोरासारखी, नाकातून पाणी गळत असताना, आणि वाट बघू लागली. लोक येत होते, जात होते. प्रत्येक जण चोर होता. एक म्हातारी वाकली आणि ओतिलियाने थडग्याची कड धरून मान पुढे काढली. म्हातारीने कलंडलेला दिवा सरळ केला आणि ती गेली. मग सेवेरिन आला. ठेवणीतला कोट, दाढी केलेली, हातात काचांसाठी पिशवी. त्याला बघून तिला इतकं हायसं वाटलं की ती पुढे येणारच होती. त्याने टोपी काढली, काहीतरी पुटपुटला, दोन विझलेल्या काचा पिशवीत टाकल्या. मग खाली वाकून त्याने पुष्पचक्र दोन्ही हातांनी उचललं, पालथं करून खालची माती झटकली, आणि ते छातीशी धरून तो मोठ्या वाटेने मागे निघाला.

मन किती इमानी असतं ते अशा वेळी कळतं. तिच्या मनाने लगेच त्याची बाजू घेतली. घरी नेत असेल, सांभाळून ठेवायला. झाडूवाल्याला दाखवायला नेत असेल. पण पाय मनाचं ऐकत नव्हते, ते त्याच्या मागून चालत होते, आणि तो घराच्या दिशेने जात नव्हता. चार वर्षं. चार वर्षं हा माणूस बूट काढून म्हणत होता, चोरीला गेलं. चार वर्षं ती ह्याच माणसाला चहा करून देत होती आणि दुनियेवर संशय घेत होती. मग कोण आहे तिकडे? दाढी कुणासाठी? भिंतीजवळ कबरी लहान होत्या, सिमेंटच्या, एकमेकींना खेटून. एका कबरीपाशी छोट्या बाकावर फुगीर कोट घातलेली एक बाई बसली होती, पायाशी प्रवासाची पिशवी. सेवेरिनला बघून ती उठली. त्याने पुष्पचक्र कबरीवर ठेवलं आणि, हे ओतिलियाने स्वतःच्या कानांनी ऐकलं, तो म्हणाला, "ओतिलियाने पाठवलंय. यंदाही तिला गुडघ्यांनी येऊ दिलं नाही."

तिचा पाय वाळक्या पानांवर पडला. दोघांनी वळून पाहिलं. कबरीवर नाव होतं, यूलिता, आणि आडनाव, आणि वय, जे वितेकच्या वयापेक्षा दोनने कमी होतं. सेवेरिनचा चेहरा पांढरा पडला, जसा माणसाचा ब्रेक लागत नसताना पडत असेल. पण बाई पुढे आली होती.

"तुम्हीच ना?" ती म्हणाली. "अहो, गुडघे दुखत असताना कशाला आलात? मी इर्मिना. हिची आई." तिने ओतिलियाचे हात धरले. तिचे हात खरखरीत आणि गरम होते. "मला तुम्हाला एक सांगायचंच होतं. ह्यांच्याजवळ बोलवत नाही, पुरुषमाणूस. चार वर्षांपूर्वी मी आले होते ना, ती तुमच्या मुलाच्या कबरीवर थुंकायला आले होते. खरं सांगते. बसमध्ये रात्रभर तेवढंच ठरवत होते. आणि आधी इथे थांबले, तर हे असं पुष्पचक्र घेऊन हे आले. म्हणाले, आमच्या घरून. मग नाही थुंकले."

 ओतिलियाने सेवेरिनकडे पाहिलं. तो बुटांकडे बघत होता.

"आणि दुसरं," इर्मिना म्हणाली, आणि तिचा आवाज खाली गेला. "तिची रात्रपाळी असायची बेकरीत. उशीर झाला की तो मुकादम घालून-पाडून बोलायचा. तिनेच घाई केली असणार हो तुमच्या मुलाला. मी पुष्कळ विचार केला. चूक तिचीच असेल. तुम्ही एवढं करता तिच्यासाठी, म्हणून म्हटलं एकदा तुमच्या तोंडावर कबूल करावं. माफ करा तिला."

हेच तर ओतिलियाला हवं होतं. चार वर्षं ती तिसऱ्या मजल्यावरून जे बघत होती ते आता कुणीतरी, त्या पोरीच्याच आईने, न मागता तिच्या हातात आणून ठेवलं होतं. घ्यायचं होतं फक्त. तिने त्या सुजलेल्या डोळ्यांकडे पाहिलं, रात्रभरच्या प्रवासाने चुरगळलेल्या कोटाकडे पाहिलं, आणि तिला एकाएकी त्या मनगटाला जोडलेली मुलगी दिसली, हसणारी, केस वाऱ्यावर, घाईत असलेली साधी मुलगी, आणि पुढे हेल्मेटचा पट्टा न लावता गाडी सुरू करणारा आपला मुलगा. पट्टा त्याने लावला नव्हता. तो कधीच लावायचा नाही. वेगाने चालवायचा, आणि ती ओरडली की गालाचा मुका घेऊन निघून जायचा.

"गाडी वितेक चालवत होता," ती म्हणाली. तिचा आवाज तिला अनोळखी लागला. "वेग त्याचा होता. तुमच्या यूलिताची काही चूक नाही."

इर्मिना बाकावर बसली आणि तोंडावर हात घेऊन रडू लागली, मोठ्याने, लाज न बाळगता. ओतिलिया तिच्या शेजारी बसली. सांत्वन वगैरे तिला काही सुचलं नाही. ती सांगत राहिली की शेवाळ आधी भिजवून घ्यायचं, कंदील शेवटी लावायचे नाहीतर चुरगळतात, आणि इर्मिना हुंदक्यांमधून, हो का, हो का, करत राहिली.

परत येताना मोठ्या वाटेवर ती दोन पावलं पुढे चालत होती. मग सेवेरिन म्हणाला, "सांगणार होतो."

"कधी?"

"पहिल्याच वर्षी. ती तिथे उभी होती, मी आपला सहज गेलो होतो बघायला, रिकाम्या हातांनी. तिने माझ्याकडे असं पाहिलं... मी परत आलो, वितेकचं उचललं, नेऊन ठेवलं. मग तुला काय सांगू? तू म्हणाली होतीस, नाव काढायचं नाही."

"म्हणून मला चोर शोधायला लावलास."

"मला वाटलं, तू चार दिवस चिडशील आणि सोडून देशील."

इतकी वर्षं माझ्याशी संसार केला ह्याने, तिला वाटलं, आणि मी सोडून देईन असं वाटलं. राग आला होता, आणि त्या रागाखाली आणखी काहीतरी हलत होतं ज्याला ती अजून नाव देणार नव्हती. ह्याने खोटं बोलून तिला चांगली बाई करून ठेवलं होतं, तिकडे, भिंतीपाशी, आणि त्या बाईची आज तिच्याशी पहिल्यांदा गाठ पडली होती. आणखी काय काय असेल ह्याच्या गालात, हा संशय मात्र आता जन्माचा राहणार, हेही तिला दिसत होतं.

फाटकाशी पेलागियाबाई सामान आवरत होती. मोडलेलं पुष्पचक्र अजून टेबलाच्या कडेला होतं. ओतिलिया समोर जाऊन उभी राहिली. सेवेरिन मागेच थांबला.

"चोर सापडला," ओतिलिया म्हणाली.

"हं," पेलागियाबाई म्हणाली, दिवे खोक्यात ठेवत. "दर वर्षी बघते मी. समोरूनच तर नेतात. कोट घालून."

ओतिलियाने मोडलेल्या पुष्पचक्राकडे पाहिलं. "मग मघाशी बोलला का नाहीत? एवढ्या लोकांसमोर मी..."

"तुम्ही विचारलंत कुठे? तुम्ही सांगत होतात." पेलागियाबाईने खोक्याचं झाकण लावलं. "आणि नवरा-बायकोच्या मध्ये मी कशाला पडू?"

ओतिलियाने हातमोजे काढले. टेबलामागचं लाकडी खोकं ओढून ती बसली आणि तिने ती वेताची काडी पुढ्यात घेतली. "तार द्या," ती म्हणाली. पेलागियाबाईने क्षणभर तिच्याकडे पाहिलं आणि तार दिली. शेवाळ गोळा केलं, रानगुलाब खालून वेचून दिले. ओतिलिया एकेक जुडी तिरकी लावत गेली, मुळातल्यापेक्षा घट्ट, आणि पेलागियाबाई वर उभी राहून म्हणाली, "असं आवळतात होय." कुणी कुणाची माफी मागितली नाही. झाल्यावर पेलागियाबाई म्हणाली, "न्या. तुमच्याच फांद्या आहेत." आणि ओतिलिया म्हणाली, "मार्चमध्ये काटकी देते. लागेल तुमच्या मातीत."

सेवेरिन इतका वेळ टोपी हातात घेऊन उभा होता. त्याने पुष्पचक्रासाठी हात पुढे केले. "आण, मी ठेवून येतो वितेकपाशी. तू दमलीस."

"नको," ती म्हणाली. "तुझ्या हातात दिलेलं पोचायचं तिथे पोचत नाही."

तो ओशाळून हसला. तिने पुष्पचक्र एका हातात घेतलं, दुसरा हात त्याच्या दंडात घातला, कारण वाट निसरडी होती, आणि दोघं पुन्हा फाटकातून आत गेली.